अपील म्हणजे स्थगिती नव्हे!

शहापूर आणि मुरबाड या दोन तालुक्यांत कोर्टाचा निकाल जिंकलेल्या गरीब माणसाला एक वाक्य हमखास ऐकावे लागते : "आम्ही वर अपील केले आहे, आता त्याचा निकाल लागेपर्यंत काही होणार नाही." हे वाक्य कधी तहसील कचेरीतला कारकून बोलतो, कधी ग्रामपंचायतीचा सरपंच, तर कधी दुसऱ्याच्या जमिनीला कुंपण घालून बसलेला धनदांडगा. जिंकलेला माणूस ते ऐकतो, निकालाची नक्कल पिशवीत ठेवतो आणि आटगावला उतरण्यासाठी कसारा लोकल पकडतो. पुढे वर्ष जाते, दोन वर्षे जातात. निकाल कागदावर त्याच्या बाजूचा असतो, जमीन मात्र दुसऱ्याच्या ताब्यात असते.

हे वाक्य कायद्याने खोटे आहे. ते खोटे आहे हे सांगणारे मोजकेच आणि खरे मानणारे हजारो, म्हणून ते चालते. आज आम्ही याच एका वाक्याचा हिशेब मांडणार आहोत. अपील प्रलंबित असताना खालच्या कोर्टाचा हुकूम मोडला तर तो न्यायालयाचा अवमान ठरतो का? ठरत असेल तर दाद कुठे, कधी आणि कशी मागायची? आमच्या भागात हा प्रश्न पुस्तकी नाही. मुंबईला पाणी देणारी भातसा, तानसा आणि मोडकसागर ही धरणे शहापूर तालुक्यात आहेत. मुंबई-नाशिक महामार्ग येथून जातो, समृद्धी महामार्गही येथूनच गेला. रस्त्याकडेच्या माळावर गोदामे उभी राहिली. जिथे जमिनीला भाव येतो तिथे दावे वाढतात, आणि जिथे दावे वाढतात तिथे हुकूम मोडणारेही वाढतात.

कायदा काय म्हणतो?

दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ सालची आहे. तिच्या आदेश ४१, नियम ५ मध्ये ही गोष्ट स्पष्ट लिहिलेली आहे. केवळ अपील दाखल केले म्हणून हुकूमनाम्याला स्थगिती मिळत नाही आणि त्याची अंमलबजावणीही थांबत नाही. अपील कोर्टाने वेगळा आदेश देऊन स्थगिती दिली, तरच आणि तेवढ्यापुरताच हुकूम थांबतो. आमच्या लोकांच्या भाषेत सांगायचे तर अपील वेगळे आणि 'स्टे' वेगळा. अपिलाचा नंबर दाखवणाऱ्याला एकच प्रश्न विचारावा : स्टेची ऑर्डर कुठे आहे?

स्थगितीही मागितली की मिळते असे नाही. अपील करणाऱ्याला दाखवावे लागते की स्थगिती न मिळाल्यास त्याचे भरून न येणारे नुकसान होईल, अर्जाला त्याने विनाकारण उशीर केलेला नाही, आणि पुढे हरल्यास हुकुमाप्रमाणे वागण्यासाठी तो तारण द्यायला तयार आहे. अपीलच मुदतीनंतर दाखल झाले असेल, तर विलंब माफ होऊन अपील ऐकायचे ठरत नाही तोवर कोर्टाने हुकूमनाम्याला स्थगिती देऊ नये, असेही याच आदेशाचा नियम ३-अ सांगतो. सरकारी अपिले पुष्कळदा उशिरानेच येतात, म्हणून हा नियम प्रत्येक पक्षकाराने लक्षात ठेवावा. तारणाच्या अटीतून मात्र सरकारला सूट आहे. आदेश २७, नियम ८-अ प्रमाणे शासनाकडून असे तारण मागता येत नाही. शेतकऱ्याने स्थगिती मागितली तर तारण, शासनाने मागितली तर विश्वास! निदान एवढ्या विश्वासाला शासनाने जागावे, ही अपेक्षा फार मोठी नाही.

आणखी एक गैरसमज येथेच दूर करू. स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप संपते असे काही वर्षे सांगितले जात होते. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१८ सालच्या एका निकालाने तसे म्हटले होते खरे. परंतु २९ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने तो नियम काढून टाकला. आज स्थगिती असेल तर ती उठवून घ्यावी लागते. म्हणजे नियम दोन्ही बाजूंना सारखा आहे. स्थगिती आपोआप येत नाही आणि आपोआप जातही नाही.

महाडचा दावा काय शिकवतो?

हुकूम चालू असेपर्यंत तो पाळायचा, त्याच वेळी त्याच्याविरुद्ध कायद्याने लढायचे, ही गोष्ट आम्हांला कोणी नव्याने शिकवायला नको. ती महाडच्या चवदार तळ्यावर लिहिलेली आहे.

२० मार्च १९२७ रोजी बाबासाहेब आंबेडकरांनी हजारो लोकांसह चवदार तळ्याचे पाणी घेतले. त्याच वर्षी २५ डिसेंबरपासून पुन्हा परिषद आणि सत्याग्रह ठरला. त्याआधी १२ डिसेंबरला महाडच्या सवर्णांनी दिवाणी कोर्टात दावा लावला आणि १४ डिसेंबरला तात्पुरता मनाई हुकूम मिळवला. तळे आमचे खाजगी आहे, अस्पृश्यांनी त्यावर येऊ नये, असे त्यांचे म्हणणे. हा हुकूम अन्यायाचा होता याविषयी परिषदेला जमलेल्या एकाही माणसाच्या मनात शंका नव्हती. माणसे तुरुंगात जायच्या तयारीने आली होती. तरीही बाबासाहेबांनी सत्याग्रह तहकूब करण्याचा सल्ला दिला आणि परिषदेने तो मानला. मनुस्मृतीचे दहन झाले, तळ्याभोवतीच्या रस्त्याने शिस्तीत मिरवणूक निघाली, परंतु पाण्याला कोणी हात लावला नाही.

हा माघारीचा प्रकार होता काय? मुळीच नाही. बाबासाहेब बॅरिस्टर होते आणि त्या दाव्यातले प्रतिवादीही होते. त्यांनी तो हुकूम उठवण्यासाठी कोर्टात अर्ज केला आणि २३ फेब्रुवारी १९२८ रोजी तो उठला. मूळ दावा १९३१ साली फेटाळला गेला. सवर्णांनी पहिले अपील आपल्या ठाण्याच्या कोर्टात केले. तेही १९३३ साली फेटाळले गेले. मग ते मुंबई उच्च न्यायालयात गेले आणि १७ मार्च १९३७ रोजी न्यायमूर्ती ब्रूमफील्ड व न्यायमूर्ती वाडिया यांनी ते दुसरे अपीलही फेटाळले. अस्पृश्यांना तळ्यावर बंदी असण्याची अनादिकालापासूनची रूढी वादींना सिद्ध करता आलेली नाही, असे न्यायालयाने म्हटले. दहा वर्षे लागली, पण तळे कायद्याने मोकळे झाले.

यातून दोन गोष्टी घ्यायच्या. हुकूम कितीही चुकीचा वाटला तरी तो रद्द होईपर्यंत हुकूमच असतो, ही पहिली. हा नियम ज्याच्याकडे पाण्याचा घोटसुद्धा नव्हता त्याने पाळला, मग ज्याच्याकडे सगळी सत्ता आहे त्याने तो का पाळू नये, ही दुसरी. महाडच्या माणसांना कोणी म्हणाले नाही की तुम्ही अर्ज केला आहे ना, मग खुशाल पाणी प्या. अर्ज केला होता, तरी हुकूम उठेपर्यंत ती तहानलेली राहिली. आज मात्र अपील केले एवढ्यावर हुकूम गुंडाळून ठेवला जातो.

हीच गोष्ट मुंबईतल्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९९७ साली सांगितली. तय्यबभाई बगसरवाला विरुद्ध हिंद रबर इंडस्ट्रीज या प्रकरणात दिवाणी कोर्टाचा अंतरिम मनाई हुकूम मोडला गेला होता. पुढे असे ठरले की त्या कोर्टाला तो दावा चालवण्याचा अधिकारच नव्हता. मग हुकूम मोडल्याची शिक्षा होणार का? सर्वोच्च न्यायालयाने म्हटले, होणार. हुकूम अंमलात होता तेवढ्या काळात तो मोडला असेल, तर अधिकाराचा प्रश्न नंतर कसाही सुटला तरी शिक्षा टळत नाही. मग ज्या कोर्टाच्या अधिकाराबद्दल वादच नाही, त्याचा हुकूम 'अपील केले आहे' म्हणून मोडणाऱ्याला कोणती सबब उरते?

गरिबाविरुद्ध हुकूम असला की घाई

हुकूम गरिबाविरुद्ध असतो तेव्हा हीच कार्यालये किती चपळ होतात तेही पाहावे. २०२२ सालच्या अखेरीस मुंबई उच्च न्यायालयाच्या आदेशाचा हवाला देऊन राज्यभर गायरानावरील घरांना नोटिसा निघाल्या. दादासाहेब गायकवाडांच्या नेतृत्वाखाली १९५९ आणि १९६४ साली झालेले भूमिहीनांचे सत्याग्रह ज्यांना आठवतात, त्यांना गायरान म्हणजे काय हे वेगळे सांगायला नको. तेव्हा कोणत्या कारकुनाने सांगितले, की तुम्ही वर दाद मागणार असाल तर आम्ही थांबतो? १३ फेब्रुवारी २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने वनहक्काचे दावे फेटाळले गेलेल्या कुटुंबांना वनजमिनीवरून हटवण्याचा आदेश दिला. शहापूर-मुरबाडच्या वाड्यापाड्यांपासून गडचिरोलीपर्यंत आदिवासींच्या पोटात गोळा आला. तो आदेश अर्ज केल्याने थांबला नाही. २८ फेब्रुवारीला न्यायालयाने स्थगिती दिली तेव्हाच थांबला.

म्हणजे आमच्याविरुद्धच्या हुकुमाला स्थगिती मिळवावी लागते आणि त्यांच्याविरुद्धचा हुकूम केवळ अपिलाच्या नंबरावर थांबतो. कायद्याच्या पुस्तकात हा भेद कुठेही नाही. तो कचेरीच्या टेबलावर तयार होतो.

अवमान कोणता आणि दार कुठले?

न्यायालयाचा अवमान म्हटले की आपल्या लोकांना न्यायाधीशांविषयी वाईट बोलणे एवढेच आठवते. तो झाला फौजदारी अवमान. आपला विषय दिवाणी अवमान आहे. न्यायालय अवमान अधिनियम १९७१ च्या कलम २ मध्ये त्याची व्याख्या आहे. न्यायालयाचा निकाल, हुकूम, आदेश किंवा न्यायालयाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणे म्हणजे दिवाणी अवमान. यात 'जाणूनबुजून' हा शब्द कळीचा आहे. हुकूम माहीतच नव्हता, किंवा पाळणे खरोखर अशक्य होते, तर अवमान होत नाही. कलम १२ प्रमाणे शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही.

अवमानासाठी प्रत्येक वेळी मुंबई गाठावी लागत नाही, हेही लोकांना माहीत नसते. चालू दाव्यात शहापूर किंवा मुरबाडच्या दिवाणी कोर्टाने तात्पुरता मनाई हुकूम दिला आणि समोरच्याने तो मोडला, तर आदेश ३९, नियम २-अ खाली त्याच कोर्टात अर्ज करता येतो. ते कोर्ट मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त करू शकते आणि त्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंगात ठेवू शकते. दाव्याचा अंतिम निकाल लागून कायमची मनाई मिळाली असेल, तर आदेश २१, नियम ३२ खाली दरखास्त लावता येते. ताब्याचा किंवा पैशाचा हुकूमनामा असेल तर तोही दरखास्तीनेच वसूल करायचा. खालच्या कोर्टाच्या अवमानाची दखल घेण्याचा अधिकार कलम १० ने उच्च न्यायालयाला दिला आहे. पण हातात दरखास्तीचा मार्ग असताना थेट अवमान याचिका घेऊन गेलेल्याला उच्च न्यायालय बहुधा परत पाठवते. उच्च न्यायालयाचाच आदेश मोडला असेल, तर अवमान याचिका तिथेच.

थोडक्यात, पहिले दार शहापूरला आहे आणि दुसरे मुंबईला. पहिले दार न ठोठावता दुसऱ्याकडे धावल्याने महिने फुकट जातात.

अपील प्रलंबित असताना कोर्ट काय करते?

आता नाजूक प्रश्न. समजा, उच्च न्यायालयाच्या एका न्यायमूर्तींनी आदेश दिला की अमुक कुटुंबाला दोन महिन्यांत पर्यायी जमीन द्या. शासनाने खंडपीठापुढे अपील आणि स्थगितीचा अर्ज दाखल केला, पण त्याची सुनावणी झाली नाही. दोन महिने उलटले आणि कुटुंबाने अवमान याचिका केली. आधी काय ऐकायचे?

सर्वोच्च न्यायालयाने १९९२ साली जम्मू-काश्मीर राज्य विरुद्ध महंमद याकूब खान आणि १९९५ साली मॉडर्न फूड इंडस्ट्रीज विरुद्ध सच्चिदानंद दास या प्रकरणांत उत्तर दिले. स्थगितीचा अर्ज प्रलंबित असेल तर तो आधी ऐकून निकालात काढावा, मग अवमानाकडे वळावे. कारण अवमानाच्या धाकाने हुकूम आधीच अंमलात आणला गेला तर अपिलात ऐकण्यासारखे काही उरणार नाही. हे म्हणणे आम्हांला मान्य आहे. अपील करणे हा हक्क आहे. गरिबालाही तो लागतो, आणि उद्या आमच्याविरुद्ध निकाल गेला तर आम्हीही अपिलातच जाऊ. सर्वोच्च न्यायालयाने ३ जानेवारी २०२४ च्या निकालात हेही बजावले आहे, की आदेशाला कायदेशीर आव्हान दिले म्हणून अधिकाऱ्यांवर फौजदारी अवमानाची कारवाई करता येत नाही. तेही योग्यच आहे.

परंतु या निकालांचा अर्थ किती ताणला जातो ते पाहा. 'स्थगितीचा अर्ज आधी ऐका' याचा अर्थ 'स्थगितीचा अर्ज कधीच ऐकू देऊ नका' असा होत नाही. चलाख अपीलकर्ता अपील दाखल करतो, पण कार्यालयाने काढलेल्या त्रुटी दूर करत नाही. अर्ज बोर्डावर यावा म्हणून हालचाल करत नाही. अवमानाची नोटीस आली की मात्र वकील उभा राहून सांगतो की आमचे अपील प्रलंबित आहे. स्थगिती मागितली तर ती नाकारली जाण्याची भीती, न मागितली तर 'प्रलंबित' हा शब्द हातात! मागितलेली आणि कोर्टाने दिलेली स्थगिती हे कायद्याचे कवच आहे. जाणीवपूर्वक न मागितलेली स्थगिती ही पळवाट आहे.

या पळवाटेला उत्तर आहे. अवमान याचिका ऐकणाऱ्या न्यायालयाकडे एवढेच मागावे की अपीलकर्त्याला ठरावीक तारखेपर्यंत स्थगिती मिळवण्याची संधी द्या. त्या तारखेपर्यंत स्थगिती मिळाली नाही तर हुकूम पाळल्याचे प्रतिज्ञापत्र घ्या, नाहीतर पुढे कारवाई करा. यात अपिलाचा हक्कही राहतो आणि हुकुमाची इज्जतही राहते.

एक वर्षाचा सापळा

'अपील केले आहे, थांबा' या वाक्यामागचा खरा धोका आणखी खोल आहे. अवमान अधिनियमाचे कलम २० सांगते की अवमान घडल्याच्या तारखेपासून एक वर्ष उलटल्यावर अवमानाची कारवाई सुरू करता येत नाही. सर्वोच्च न्यायालयाने पल्लव शेठ प्रकरणात २००१ साली दिलासा दिला तो एवढाच, की पक्षकाराने अर्ज वर्षाच्या आत दाखल केला असेल तर कोर्टाच्या दिरंगाईचा फटका त्याला बसणार नाही.

आता दोन्ही गोष्टी जोडून पाहा. एकीकडे अपील दहा वर्षे चालू शकते. दुसरीकडे अवमानाचे दार एका वर्षात बंद होते. ज्याला सांगितले की अपिलाचा निकाल लागू दे मग बघू, त्याला खरे म्हणजे असे सांगितले की दार बंद होईपर्यंत बाहेर बस. हुकूम अजून मोडलेलाच आहे, म्हणजे अवमान रोज नव्याने घडतो, असे म्हणून काही जण निर्धास्त राहतात. काही प्रकरणांत न्यायालयांनी ते मानलेही आहे. पण जुलै २०२४ मध्ये एस. तिरुपती राव प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की चालू राहणारी कृती वेगळी आणि एकदा घडलेल्या कृतीचे चालू राहणारे परिणाम वेगळे. त्या भरवशावर बसू नये. वर्षाच्या आत अर्ज टाकावा. अपिलामुळे तो काही काळ बाजूला ठेवला गेला तरी चालेल, पण तो नोंदलेला असावा.

अर्ज असूनही काय होऊ शकते याचे मोठे उदाहरण देशाने पाहिले आहे. अयोध्येत न्यायालयाला दिलेली हमी मोडून चबुतरा बांधला गेला म्हणून उत्तर प्रदेशचे तत्कालीन मुख्यमंत्री कल्याणसिंग यांना १९९४ साली एक दिवसाची कैद आणि दोन हजार रुपये दंड झाला. पण ६ डिसेंबर १९९२ रोजी मशीद पाडली गेली त्याबद्दलची अवमान याचिका पडूनच राहिली. तिचे अर्जदार २०१० साली वारले. २०१९ साली जमिनीच्या अपिलांचा निकाल लागला आणि ३० ऑगस्ट २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने, आता काही उरले नाही म्हणून, ती याचिका बंद केली. अपील संपेपर्यंत अवमान थांबवला की अवमान असा संपतो.

शिक्षा होते, पण कोणाला आणि केव्हा?

कायद्यात आणखी एक विषमता आहे. अवमानाबद्दल शिक्षा झाली तर शिक्षा झालेल्याला कलम १९ प्रमाणे अपिलाचा हक्क आहे, आणि ते कोर्ट शिक्षा थांबवू शकते. पण अवमान याचिका फेटाळली गेली तर ज्याच्यावर अन्याय झाला त्याला या कलमाखाली अपील नाही. त्याला घटनेच्या अनुच्छेद १३६ खाली थेट दिल्ली गाठावी लागते. आटगावच्या माणसाला दिल्ली किती लांब आहे हे आम्ही सांगायला नको.

तरीही शिक्षा होते, हेही सांगितले पाहिजे. महाराष्ट्रात विनापरवाना आरागिरण्या बंद करण्याचा सर्वोच्च न्यायालयाचा मार्च १९९७ चा आदेश डावलून परवानग्या दिल्याबद्दल १० मे २००६ रोजी माजी वनमंत्री सुरूपसिंग नाईक आणि वन खात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना एक महिन्याची कैद झाली. मंत्री आणि सचिव कोर्टाच्या हुकुमापेक्षा मोठे नाहीत हे महाराष्ट्राला तेव्हा दिसले. अर्थात शिक्षेतला बराच काळ मंत्रिमहोदयांचा मुक्काम मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात होता, हेही लोकांनी पाहिले.

आमच्या दृष्टीने सर्वात बोलके उदाहरण आंध्र प्रदेशातल्या गुंटूरचे आहे. उच्च न्यायालयाने २०१३ साली आदेश देऊनही तिथल्या तहसीलदाराने जानेवारी २०१४ मध्ये गरिबांच्या झोपड्या पाडल्या. उच्च न्यायालयाने दोन महिन्यांची कैद सुनावली, खंडपीठाने २०१५ साली अपील फेटाळले, आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयात दहा वर्षे राहिले. तोवर तहसीलदार उपजिल्हाधिकारी झाला होता. ९ मे २०२५ रोजी न्यायमूर्ती भूषण गवई आणि न्यायमूर्ती मसीह यांनी त्याला पुन्हा तहसीलदार केले आणि एक लाख रुपये दंड लावला. बढती गेली, हे बरे झाले. पण झोपडीतली माणसे अकरा वर्षे कुठे राहिली?

म्हणून नुकसान भरून देण्याचा प्रश्न शिक्षेपेक्षा मोठा आहे. १३ नोव्हेंबर २०२४ रोजी न्यायमूर्ती गवई आणि न्यायमूर्ती विश्वनाथन यांनी बुलडोझर कारवायांबाबत जो निकाल दिला, त्यात पंधरा दिवसांची नोटीस सक्तीची केली. निर्देश मोडणाऱ्या अधिकाऱ्यावर अवमानाची कारवाई तर होईलच, शिवाय पाडलेले बांधकाम त्याच्या स्वखर्चाने पूर्ववत करून घेतले जाईल, असेही बजावले. तरी चार महिन्यांत, मार्च २०२५ मध्ये, नागपूरला दंगलीतील आरोपींच्या घरांवर बुलडोझर चालला. नागपूर खंडपीठाने कारवाई थांबवली तोवर एक घर जमीनदोस्त झाले होते. पुढे महापालिका आयुक्तांनी बिनशर्त माफी मागितली आणि त्या निर्देशांची माहिती नव्हती असे सांगितले. सातबाऱ्यावरची चूक गरिबाला माहीत नसली तर त्याची जमीन जाते. सर्वोच्च न्यायालयाचा निकाल महापालिकेला माहीत नसला तर माफी पुरते!

आपल्या तालुक्यांनी काय करावे?

हुकमाने सत्ता थांबते, हेही आमच्या तालुक्याने पाहिले आहे. मुरबाड तालुक्यात काळू धरणाचे काम २०११ साली वनखात्याची परवानगी नसतानाच सुरू झाले. श्रमिक मुक्ती संघटना न्यायालयात गेली आणि मार्च २०१२ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने काम थांबवले. ज्या गावांच्या पाठीशी ना पैसा होता ना मंत्री, त्यांच्यामागे एक अंतरिम आदेश उभा राहिला. आदेशाची ही ताकद आहे. म्हणूनच तो मोडू देता कामा नये.

त्यासाठी काही साध्या गोष्टी. निकाल बाजूने लागला की त्याच आठवड्यात सही-शिक्क्याच्या नकलेसाठी अर्ज करा. संहितेच्या कलम १४८-अ खाली वरच्या कोर्टात कॅव्हेट टाका, म्हणजे तुम्हांला न ऐकता स्थगिती मिळणार नाही. कॅव्हेट नव्वद दिवस चालते, मग नवे टाकावे लागते. हुकमाची नक्कल समोरच्याला आणि संबंधित कार्यालयाला लेखी पोचवा आणि पोच घ्या. 'हुकूम माहीत नव्हता' ही सबब तिथेच मरते. कोणी अपील सांगितले तर स्थगितीची प्रत मागा, तोंडी उत्तर मानू नका. हुकूम ज्या दिवशी मोडला ती तारीख भिंतीवरच्या कॅलेंडरवर लिहा, आणि त्या तारखेपासून वर्ष उलटू देऊ नका. नोटिसा पाठवत राहिल्याने ते वर्ष लांबत नाही.

पैसे नाहीत म्हणून गप्प बसू नका. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम १९८७ च्या कलम १२ प्रमाणे अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना आणि सर्व स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. १९९० च्या दुरुस्तीमुळे अनुसूचित जातीतून बौद्ध झालेल्यांचाही त्यात समावेश होतो. तालुका कोर्टातच विधी सेवा समिती असते. तिथे अर्ज द्यायला वकील लागत नाही.

आमची मागणी शासनाकडेही आहे, आणि ती खर्चाची नाही. कोणत्याही कार्यालयाने न्यायालयाचा हुकूम न पाळण्याचे कारण 'अपील प्रलंबित' असे लिहिले, तर त्याखाली स्थगितीच्या आदेशाची तारीख लिहिणे सक्तीचे करावे. तारीख नसेल तर त्या कारणाला किंमत नाही. एवढा एक रकाना वाढवला तरी शेकडो फाइलींवरची धूळ उडेल.

बाबासाहेबांनी महाडला अन्यायाचा हुकूमसुद्धा पाळला, तो त्यांना पटला म्हणून नव्हे. उद्या आपल्या बाजूने हुकूम होईल तेव्हा तो दुसऱ्यालाही पाळावाच लागेल, असे राज्य त्यांना हवे होते. त्यांच्या लोकांनी आपल्या बाजूचा तो करार कधीच पूर्ण केला आहे. आता पाळी कचेरीच्या खुर्चीवर बसलेल्यांची आहे. आणि ते आपण होऊन पाळणार नसतील, तर वर्ष उलटायच्या आत त्यांना कोर्टापुढे उभे करणे ही पाळी आपली आहे.